फाइल उघडते, पण वाचता येत नाही!

संगणकावरची लिखापढी एका प्रोग्रॅममधून दुसऱ्या प्रोग्रॅममध्ये नेणारे काही छोटे दुभाषे असतात. ते नीट काम करतात तोवर त्यांची कुणाला आठवणही होत नाही. त्यांचे बिनसले, की वडिलांच्या आत्मचरित्रापासून कोर्टातल्या अर्जापर्यंत सगळे अडून बसते.

लखनौच्या चारबाग स्थानकातून बाहेर पडून कानपूर रस्त्याला लागले, की थोड्याच वेळात आलमबाग येते. नवाब वाजिद अली शाहने आपली बेगम आलम आरा हिच्या नावाने इथे बाग वसवली. १८५७च्या धामधुमीत मरण पावलेला इंग्रज सेनापती हॅवलॉक याला याच परिसरात पुरले. पुढे रेल्वेचे डबे दुरुस्त करणारा मोठा कारखाना आला, रेल्वेच्या वसाहती आल्या, बसस्थानक आले, आणि २०१७ साली मेट्रोही आली. जिथे रेल्वे, बस आणि सरकारी कचेऱ्यांत खेपा घालणारी माणसे एकत्र येतात, तिथे एक धंदा हमखास चालतो. तो म्हणजे टायपिंग, झेरॉक्स आणि फॉर्म भरून देण्याचा. एक खोली, दोन संगणक, एक प्रिंटर, आणि बाहेर बाकड्यावर आपली पाळी कधी येते म्हणून बसलेली माणसे. असे दुकान आलमबागेत दिसेल तसेच नागपूरच्या सीताबर्डीत आणि पुण्याच्या शिवाजीनगरातही दिसेल.

अशा दुकानात रोज घडणारी एक गोष्ट आहे. कुणी निवृत्त कर्मचारी पेन ड्राइव्ह घेऊन येतो. त्यात आठ-दहा वर्षांपूर्वी टाइप करून घेतलेला अर्ज असतो. फक्त तारीख आणि दोन ओळी बदलायच्या असतात. फाइल उघडते, पण पडद्यावर हिंदी नसतेच. इंग्रजी अक्षरांची, स्वल्पविरामांची आणि तिरक्या रेघांची अगम्य रांगोळी असते. 'फाइल खराब झाली' असे सांगून दुकानदार अर्ज पहिल्यापासून पुन्हा टाइप करायला घेतो, आणि त्याचे पैसेही घेतो.

गंमत अशी, की बहुतेक वेळा फाइल मुळीच खराब झालेली नसते.

वाड्यातली विहीर

हे समजून घ्यायचे तर आधी एक साधी गोष्ट पाहू. वर्ड असो, लिब्रऑफिस असो की आणखी कोणता लेखनाचा प्रोग्रॅम असो, तो एकसंध नसतो. त्याच्या पोटात शेकडो लहान लहान फाइली असतात. एक स्पेलिंग तपासते, एक छपाईचे बघते, एक अक्षरे पडद्यावर जुळवते. यांपैकी ज्या फाइलींचे काम अनेक प्रोग्रॅमना लागते, त्या सामायिक ठेवतात. विंडोजमध्ये अशा फाइलींना डीएलएल म्हणतात. जुन्या वाड्यात प्रत्येक बिऱ्हाड आपली स्वतंत्र विहीर खणत नसे, चौकातल्या एकाच विहिरीवर सगळ्यांचे भागत असे, तसाच हा प्रकार. जागा वाचते, आणि विहीर एकदा उपसली की सगळ्यांनाच स्वच्छ पाणी मिळते.

वाड्यातल्या विहिरीवरून भांडणेही होत, हे आजीला विचारावे. संगणकातही झाली. १९९०च्या दशकात विंडोजवर एखादा नवा प्रोग्रॅम घातला, की तो आपल्यासोबत आणलेली सामायिक फाइल जुन्या फाइलीच्या जागी बिनदिक्कत ठेवून देई. कधी ती जुन्याहूनही जुनी असे. मग काल चालणारा दुसराच प्रोग्रॅम आज बंद पडे, आणि दोष कुणाचा ते कळत नसे. या त्रासाला जगभरच्या तंत्रज्ञांनी 'डीएलएलचा नरक' असे नाव ठेवले होते. विंडोज २००० पासून मायक्रोसॉफ्टने महत्त्वाच्या फाइलींवर पहारा बसवला, आणि पुढे एकाच फाइलीच्या निरनिराळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी नांदू लागल्या. तेव्हा कुठे ही भांडणे बरीच मिटली.

या सामायिक फाइलींपैकी आपल्या विषयाशी संबंध असलेल्या म्हणजे आयात-निर्यातीच्या. परक्या प्रोग्रॅममध्ये लिहिलेला मजकूर आत आणायचा, आणि आपला मजकूर परक्याला कळेल अशा रूपात बाहेर काढायचा, एवढेच त्यांचे काम. दुभाष्याचेच म्हणा ना! लिब्रऑफिसच्या प्रोग्रॅम फोल्डरमध्ये डोकावलात तर 'एमएसवर्डएलओ' नावाची एक डीएलएल दिसेल. वर्डची जुनी फाइल लिब्रऑफिसमध्ये उघडली जाते ती तिच्या कृपेने.

पहिली दोन अक्षरे

हा दुभाष्या फाइलीच्या नावावर विश्वास ठेवत नाही. तो आधी फाइलीची पहिली काही अक्षरे बघतो. वर्डची नवी, म्हणजे २००७ नंतरची 'डॉकएक्स' फाइल सहसा 'पी' आणि 'के' या दोन इंग्रजी अक्षरांनी सुरू होते. ही आद्याक्षरे आहेत फिल कॅट्झ या अमेरिकन प्रोग्रॅमरची. फाइली आवळून लहान करणारी 'झिप' पद्धत त्याने काढली, तिच्यावर आपली सही ठेवली आणि २०००मध्ये अवघ्या सदतिसाव्या वर्षी तो वारला. जगातल्या कोट्यवधी अर्जांच्या, पत्रांच्या आणि शाळेच्या प्रश्नपत्रिकांच्या पोटात आज त्याची सही आहे.

याचा अर्थ असा, की डॉकएक्स ही मुळात एक झिप फाइल आहे. घरातल्या शाळकरी मुलांना एक प्रयोग करून दाखवता येईल. एखाद्या डॉकएक्स फाइलीची प्रत काढायची (मूळ फाइलीला हात लावायचा नाही!), तिच्या नावाच्या शेवटी डॉकएक्सऐवजी झिप लिहायचे आणि उघडायची. आत चक्क कप्पे दिसतात. एका कप्प्यात मजकूर, एकात चित्रे, एकात अक्षरांचे आकार आणि समास यांचा हिशेब. मजकूर साध्या अक्षरांत वाचताही येतो.

१९९७ ते २००३ या काळातली 'डॉक' फाइल मात्र अशी सरळ नव्हती. तिच्या आत काय कसे रचले आहे, हे मायक्रोसॉफ्टने फेब्रुवारी २००८पर्यंत सर्वांसाठी खुले केले नव्हते. मग इतरांनी काय करावे? जर्मनीतल्या मार्को ब्योरिस या मुलाने १९८५मध्ये काढलेल्या कंपनीत 'स्टारऑफिस' तयार झाले. ते १९९९ साली सन या अमेरिकन कंपनीने विकत घेतले आणि २००० साली त्याची संहिता सर्वांसाठी मोकळी केली. या मंडळींनी वर्डच्या फाइलींचा अक्षरशः उलटा तपास केला. वर्डमध्ये एकच शब्द लिहून फाइल जतन करायची, मग तो शब्द ठळक करून पुन्हा जतन करायची, आणि दोन्ही फाइलींत नेमका कोणता अंक बदलला ते शोधायचे. असे हजारो वेळा. आज लिब्रऑफिसमध्ये जुना अर्ज उघडतो तो या चिकाटीमुळे. याच परंपरेत २०१४ साली दस्तऐवज मुक्त करण्याची एक खास मोहीम सुरू झाली. निरनिराळ्या प्रोग्रॅमांच्या फाइली वाचणाऱ्या सामायिक फाइली तिच्या छत्राखाली आल्या. वर्डपरफेक्ट, कोरलड्रॉ, पब्लिशर आणि आपल्याकडच्या छापखान्यांचे एके काळचे दैवत असलेले पेजमेकर, या सगळ्यांसाठी एकेक दुभाष्या. पेजमेकरचे काम अॅडोबीने सातव्या आवृत्तीनंतर थांबवले, पण मराठी आणि हिंदी छापखान्यांतून ते नंतरही कित्येक वर्षे हलले नाही. दिवाळी अंक, लग्नपत्रिका, स्मरणिका, पंचांगे, किती मजकूर त्यात अडकून पडला आहे कुणास ठाऊक!

दुभाष्या खरा, फाइलच खोटी

आता आलमबागेतल्या त्या अर्जाकडे परत येऊ. वर्डने किंवा लिब्रऑफिसने फाइल उघडली. दुभाष्याने आपले काम चोख केले. एकही अक्षर गाळले नाही. मग हिंदी कुठे गेली?

ती फाइलीत कधी नव्हतीच! उत्तर प्रदेशात सर्रास वापरल्या जाणाऱ्या 'कृतिदेव' या फाँटमध्ये 'भारत' असा शब्द टाइप केला, तर फाइलीत पाच इंग्रजी अक्षरे जमा होतात: एच, के, के, जे, आर. कृतिदेवमध्ये 'एच'च्या जागी अर्धा 'भ' काढलेला असतो आणि 'के'च्या जागी उभी काठी. अर्धा 'भ' आणि काठी मिळून 'भ' होतो, दुसरी काठी काना होते, 'जे' म्हणजे 'र' आणि 'आर' म्हणजे 'त'. म्हणजे संगणकाच्या दृष्टीने ते इंग्रजीच. त्यावर देवनागरीचा मुखवटा चढवलेला. समोरच्या संगणकात कृतिदेव नसला की मुखवटा गळून पडतो आणि खालची इंग्रजी उघडी पडते.

ही फसवणूक कुणी हौसेने केली नव्हती. १९९०च्या दशकातल्या संगणकाला इंग्रजी तेवढे कळे, आणि कचेऱ्यांत बसलेल्या टंकलेखकांच्या बोटांना रेमिंग्टन यंत्राची सवय होती. त्या यंत्रात अर्धी अक्षरे आणि काठ्या जोडूनच शब्द बनत. कृतिदेवने तीच जुळणी संगणकावर आणली आणि टंकलेखकांना नव्याने काही शिकावे लागले नाही. सोय मोठी होती, तिची किंमत नंतर कळली.

महाराष्ट्राचीही कहाणी हीच, उलट जरा जास्त गुंतागुंतीची. पुण्याच्या मॉड्युलर कंपनीची 'श्रीलिपी', 'आकृती', सी-डॅकचे 'आयएसएम' आणि 'लीप ऑफिस', प्रत्येकाची अक्षरे ठेवण्याची रीत निराळी. 'श्री-देव-०७०८' या फाँटमधला मजकूर 'डीव्ही-टीटी-योगेश'मध्ये टाकला तर अर्थाचा अनर्थ होई. एकाच इमारतीतल्या दोन कार्यालयांना एकमेकांचे मराठी पत्र कागदावर छापूनच पाठवावे लागे, असे ते दिवस होते.

कानपूर रस्त्यापलीकडचा शहाणपणा

खरे तर यावर उपाय आलमबागेतून जाणाऱ्या याच रस्त्याच्या दुसऱ्या टोकाला सापडला होता. कानपूरच्या आयआयटीत १९७०च्या दशकापासूनच देवनागरीवर काम चालू होते. तिथल्या संशोधकांनी एक मूलभूत गोष्ट ओळखली. अक्षराचा आकार आणि अक्षर या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. फाइलीत अक्षर साठवावे. अर्धे, जोडाक्षर की रफार, हा आकार दाखवताना ठरवावा. १९८३मध्ये दिल्लीला भरलेल्या तिसऱ्या विश्व हिंदी संमेलनात असा देवनागरी संगणक लोकांनी पाहिला. यातूनच जिस्ट हे तंत्र तयार झाले, आणि १९८८मध्ये पुण्यात सी-डॅक स्थापन झाल्यावर ते तिकडे गेले. १९९१ साली भारतीय मानक ब्यूरोने 'इस्की' ही संकेतप्रणाली जाहीर केली. त्याच वर्षी जगभरच्या लिप्यांसाठी युनिकोडची पहिली आवृत्ती आली, आणि तिच्यातली देवनागरीची मांडणी १९८८च्या इस्कीवरून घेतलेली होती. म्हणजे आज मोबाइलवर मराठी लिहिताना आपण कानपूरच्या त्या विचाराचेच फळ चाखतो आहोत.

मग एवढे असून कृतिदेव का टिकले? कारण अक्षर साठवले तरी त्याचा आकार जुळवून दाखवणारा कुणी तरी हवा, आणि तो बराच काळ नव्हता. विंडोज २००० सोबत 'युनिस्क्राइब' नावाची सामायिक डीएलएल देवनागरी जुळवू लागली, आणि सोबत 'मंगल' हा फाँट आला. त्याचे रेखाटन मुंबईच्या नॅशनल सेंटर फॉर सॉफ्टवेअर टेक्नॉलॉजीत मराठी कवी आणि सुलेखनकार र. कृ. जोशी यांनी केले होते. लखनौच्या कचेरीत बसलेला कारकून ज्या अक्षरांत अर्ज टाइप करतो, ती एका मराठी माणसाच्या हातची आहेत, हे त्याला बहुधा माहीत नसावे.

लिब्रऑफिसने २०१७पासून हे जुळणीचे काम सगळीकडे 'हार्फबझ' या सामायिक फाइलीवर सोपवले. क्रोम, फायरफॉक्स आणि अँड्रॉइड फोनही तीच वापरतात. तिच्या मूळ इराणी कर्त्याने हे नाव फारसीतून बेतले. त्यातला 'हर्फ' म्हणजे अक्षर. लखनौकरांना तो शब्द समजावून सांगायची गरज नाही, आणि 'तोंडातून हरफ काढला नाही' म्हणणाऱ्या मराठी माणसालाही नाही!

परिवर्तन करताना

जुना कृतिदेव किंवा श्रीलिपीतला मजकूर युनिकोडमध्ये नेणारे परिवर्तक आता भरपूर आहेत. सी-डॅकने दिले, खासगी कंपन्यांनी दिले, काही हौशी मंडळींनीही तयार केले. बरेचसे फुकट आहेत. पण हे काम एका अक्षराऐवजी दुसरे ठेवण्याइतके सोपे नाही. 'कि' लिहिताना कृतिदेवमध्ये पहिली वेलांटी आधी टाइप होते, मग 'क'. युनिकोडमध्ये उलटे: आधी 'क', मग वेलांटी. 'धर्म' लिहिताना कृतिदेवमध्ये 'ध', 'म' आणि शेवटी डोक्यावर रफार. युनिकोडमध्ये उच्चाराप्रमाणे 'र' आधी, 'म' नंतर. परिवर्तकाला हे सगळे मागे-पुढे करावे लागते. एखाद्या जोडाक्षरापाशी तो अडखळतोच.

सगळ्यात मोठी चूक होते ती आपल्याच हातून. लोक जुनी फाइल उघडतात, सगळा मजकूर उचलतात आणि परिवर्तकाच्या चौकटीत टाकतात. अर्जात मध्येच एखादा इंग्रजी शब्द असतो: कंपनीचे नाव, गाडीचा क्रमांक, ईमेल. तो मुळात खराखुरा इंग्रजीच होता. पण मजकूर असा उचलला की कोणता शब्द कोणत्या फाँटमध्ये होता ही माहिती गळून पडते, आणि परिवर्तक त्या इंग्रजी शब्दाचेही देवनागरी भजे करून टाकतो. इथे आयात करणाऱ्या दुभाष्याचे महत्त्व कळते. त्याने प्रत्येक शब्दासोबत त्याच्या फाँटचे नावही जपून आणलेले असते. म्हणून सबंध फाइल घेणारा, आणि फाँट बघून तेवढाच मजकूर बदलणारा परिवर्तक मिळाला तर तो वापरावा. काम झाल्यावर नावे, रकमा, तारखा आणि गट क्रमांक मूळ कागदाशी ताडून पाहावेत. जमिनीच्या अर्जात एका आकड्याची चूक झाली तर तहसीलदार फाँटला दोष देणार नाही.

मराठी मजकुरात दोन गोष्टी खास बघाव्यात. एक, 'दऱ्या', 'सुऱ्या' यांतला 'ऱ्य'. हिंदीसाठी बनवलेले परिवर्तक त्याचा सरळ 'र्य' करतात आणि 'दऱ्या'चा 'दर्या', म्हणजे समुद्र होतो. दुसरी, 'ॲ'. इंग्रजी उच्चाराचे हे अक्षर युनिकोडमध्ये २००८ साली स्वतंत्रपणे दाखल झाले. तोवर लोक 'अ' वर चंद्र ठेवून भागवत. दिसायला दोन्ही सारखेच, पण संगणकाला वेगळे. म्हणून फाइलीत 'ॲडमिशन' शोधले तर अर्धी सापडतात आणि अर्धी सापडत नाहीत.

नोकरीच्या परीक्षा देणाऱ्या मुलामुलींना याचा वेगळाच फटका बसतो. उत्तर प्रदेशात कनिष्ठ सहायकाच्या पदासाठी मिनिटाला पंचवीस हिंदी शब्दांचा वेग मागतात. पण एक परीक्षा कृतिदेववर, तर दुसरी मंगल फाँट आणि इन्स्क्रिप्ट कळफलकावर. सरकारने इन्स्क्रिप्टची मांडणी १९८६ सालीच ठरवून दिली होती, आणि केंद्राने नोव्हेंबर २००९मध्ये ई-प्रशासनासाठी युनिकोड हे मानक म्हणून जाहीर केले. तरी जुन्या फाइलींमुळे जुनी कचेरी, जुन्या कचेरीमुळे जुनी परीक्षा, आणि परीक्षेमुळे टायपिंगच्या वर्गात पुन्हा जुनाच कळफलक, असे हे रहाटगाडगे फिरत राहते. क्लासला पैसे भरण्याआधी आपल्या परीक्षेच्या जाहिरातीत कोणता कळफलक लिहिला आहे ते नीट वाचावे. बोटांना एकदा वळण लागले की सोडवणे कठीण असते.

निर्यातीतले अपघात

ही सारी कारकुनी भानगड वाटत असेल तर एक उदाहरण पुरे. २०२० साली करोनाच्या साथीत इंग्लंडच्या सार्वजनिक आरोग्य विभागाकडे प्रयोगशाळांकडून रुग्णांच्या याद्या येत. त्या जुन्या 'एक्सएलएस' प्रकारच्या एक्सेल फाइलीत भरल्या जात. या जुन्या फाइलीत ६५,५३६च ओळी मावतात. त्यापुढच्या ओळी आत गेल्याच नाहीत. सप्टेंबरच्या अखेरीस आठवडाभरात १५,८४१ रुग्ण असे मोजणीतून सुटले. त्यांना स्वतःला निकाल कळले होते, पण त्यांच्या संपर्कात आलेल्यांना सावध करण्याचे काम लांबले. नव्या 'एक्सएलएसएक्स' फाइलीत दहा लाखांहून अधिक ओळी मावतात. प्रश्न एका अक्षराचा होता!

त्याच वर्षी जनुकशास्त्रज्ञांनी काही मानवी जनुकांची नावेच बदलली. कारण 'मार्च१', 'सेप्ट१' अशी नावे एक्सेलमध्ये आली की एक्सेल त्यांची तारीख करून टाकी. वर्षानुवर्षे ओरड करून प्रोग्रॅम बदलला नाही, तेव्हा शास्त्रज्ञांनी हात टेकले. एक्सेलला असे रूपांतर बंद करण्याची सोय मिळाली ती २०२३मध्ये.

या दुभाष्यांचा आणखी एक धोका आहे. परक्याची फाइल घरात घेणारा दरवाजा तो, म्हणून चोरही तिथूनच येतो. वर्डमधले जुने 'इक्वेशन एडिटर' गणिताच्या शिक्षकांच्या ओळखीचे असेल. सन २०००पासून तसेच पडून असलेल्या त्या भागात अशी फट सापडली, की विशिष्ट रीतीने बनवलेली फाइल नुसती उघडली तरी संगणक दुसऱ्याच्या ताब्यात जावा. जानेवारी २०१८मध्ये मायक्रोसॉफ्टने तो भागच काढून टाकला. जुन्या प्रश्नपत्रिकांतली समीकरणे दिसत राहिली, पण त्या एडिटरने दुरुस्त करता येईनात. त्याआधी २००७ साली ऑफिस २००३च्या सुधारणेत कंपनीने कित्येक जुन्या प्रकारच्या फाइली उघडणेच सुरक्षेसाठी बंद केले होते. लोक चिडले तेव्हा पुढच्या जानेवारीत वाट थोडी सोपी करून दिली. फाइल आपली, लिखाण आपले. पण किल्ली दुसऱ्याकडे, ती अशी.

म्हणूनच किल्ली कुणा एकाच्या खिशात नसावी असा आग्रह अनेक देशांत धरला गेला. लिब्रऑफिसची 'ओडीटी' ही रचना २००६मध्ये आंतरराष्ट्रीय मानक झाली. मायक्रोसॉफ्टची डॉकएक्सची रचना २००८मध्ये झाली. तिच्या विरोधात मत देणाऱ्या देशांत भारतही होता, आणि तेही दोन्ही फेऱ्यांत. भारत सरकारने २०१०मध्ये ई-प्रशासनासाठी खुल्या मानकांचे धोरण जाहीर केले. जर्मनीच्या श्लेस्विग-होल्स्टाइन प्रांताने २०२४मध्ये आपले सुमारे तीस हजार सरकारी संगणक लिब्रऑफिसवर नेण्याचे ठरवले. त्याउलट त्याच देशातल्या म्युनिक शहराने मुक्त सॉफ्टवेअरचा मोठा प्रयोग करून २०१७मध्ये माघार घेण्याचा निर्णय केला होता. तेव्हा हे काम एका ठरावाने होणारे नाही, हेही खरे.

लखनौला याचा एक जुना दाखला आहे, संगणकाशी संबंध नसलेला. मुंबईचे वकील विष्णु नारायण भातखंडे यांनी घराण्यांच्या गळ्यात बंद असलेल्या चिजा स्वरलिपीत उतरवल्या आणि आधी मराठीतून क्रमिक पुस्तकमालिका काढली. १९२६ साली लखनौत त्यांच्या प्रयत्नाने संगीत महाविद्यालय निघाले. आज ते त्यांच्याच नावाने विद्यापीठ आहे. स्वरलिपीच्या खुणा काय, हे पुस्तकातच सांगितले होते. म्हणून शंभर वर्षांनी कुणीही ते उघडून गाऊ शकतो. उस्तादाची परवानगी लागत नाही.

घरच्या फाइलींसाठी

'अमुक डीएलएल सापडत नाही' असा संदेश आला, की पुष्कळ जण त्या नावाने शोधून कुठल्याही अनोळखी जागेवरून ती फाइल उतरवून घेतात. असे कधीही करू नये. वाड्याच्या विहिरीत परक्याने दिलेली पूड टाकण्यासारखेच ते. 'एमएसव्हीसीपी१४०' अशा नावाची फाइल हरवली असेल, तर मायक्रोसॉफ्ट स्वतः 'व्हिज्युअल सी प्लस प्लस'चा संच फुकट देते, तो घालावा. फाइल ऑफिस प्रोग्रॅमचीच असेल तर तो प्रोग्रॅम दुरुस्त करून घ्यावा किंवा पुन्हा घालावा.

घरात वडिलांच्या आठवणी, आजोबांनी टाइप करून घेतलेली वंशावळ, आईच्या पाककृती, असे काही जुन्या फाँटमध्ये असेल, तर ते उघडणारा संगणक चालू आहे तोवर हात घालावा. आधी मूळ फाइलीची जशीच्या तशी प्रत काढावी आणि तिच्यासोबत त्या फाँटची फाइलही ठेवावी. फाँट ही छोटीशी फाइल असते, पण नेमकी तीच नंतर कुठे सापडत नाही. मग त्याच संगणकावर मजकूर नीट दिसत असताना पीडीएफ करून घ्यावी. पीडीएफमध्ये फाँट सोबत बांधला जातो, त्यामुळे ती कुठेही तशीच दिसते. मात्र कृतिदेवच्या पीडीएफमधून मजकूर उचलला की पुन्हा तीच इंग्रजी रांगोळी निघते, आणि तीत शब्द शोधताही येत नाही. म्हणून पीडीएफ झाली म्हणजे सुटलो, असे समजू नये. युनिकोडमध्ये परिवर्तन करून तिसरी प्रत ठेवावीच.

लिब्रऑफिसमध्ये एक छान सोय आहे, फारशी कुणाला ठाऊक नाही. पीडीएफ निर्यात करताना 'हायब्रिड' असा पर्याय निवडला, की पीडीएफच्या पोटात मूळ दुरुस्त करता येणारी फाइलही जाते. साध्या वाचकाला ती नेहमीची पीडीएफ दिसते. लिब्रऑफिसमध्ये उघडली तर हवा तो बदल करता येतो. आलमबागेतल्या दुकानात त्या निवृत्त कर्मचाऱ्याचा अर्ज एकदा युनिकोडमध्ये करून असा पेन ड्राइव्हवर दिला, तर पुढच्या खेपेला तारीख आणि दोन ओळी बदलायला पाच मिनिटे पुरतील. दुकानदाराला पैसे मात्र कमी मिळतील, आणि तो हे आपण होऊन सांगेल अशी आशा बाळगण्यात अर्थ नाही.